चूल आपली, कॅमेरा कुणाचा?

तीनेक वर्षांपूर्वी पिपरी मेघेतल्या आमच्या वस्तीत एक शूटिंगवाली टीम आली होती. चार जण, दोन कॅमेरे, एक भाड्याची गाडी. सेवाग्रामचं काम आटोपून आले होते. बापूकुटी झाली, चरखा झाला, प्रार्थना झाली, आश्रमातलं साधं जेवणही शूट करून झालं. आता त्यांना 'दलित किचन' हवं होतं. कुणीतरी माझा नंबर दिला आणि खरं सांगतो, मी हुरळलो. आपल्या वस्तीत कॅमेरा येतो आहे, आपलं कुणी दाखवतं आहे, याचाच आनंद जास्त. मी त्यांना शेजारच्या आजीकडे घेऊन गेलो.

आजी पंच्याहत्तरीच्या पुढची. तिने सकाळपासून घर झाडूनपुसून ठेवलं होतं. पांढरं लुगडं नेसली होती. भिंतीवर तथागत, बाबासाहेब, रमाई. बाजूला नातवाचा पदवी घेतानाचा फोटो. गॅसवर वांग्याची भाजी शिजत होती, ज्वारीच्या भाकरी झाकून ठेवल्या होत्या. डायरेक्टरसाहेबांनी आत डोकावून पाहिलं आणि त्यांचा चेहराच पडला. "इथे चूल नाही का?" चूल होती, मागच्या बाजूला, आंघोळीचं पाणी तापवायला. मग आजीला तिथे नेऊन बसवलं. प्लास्टिकची खुर्ची उचलली. स्टीलची ताटं बाजूला करून कुठून तरी जर्मनची जुनी थाळी शोधली. धूर नीट होत नाही म्हणून ओली काडी घालायला लावली. आणि शेवटी, जरा आवाज उतरवून, मला विचारलं, "हे लोक पूर्वी जे खायचे ना, ते बनवून दाखवतील का?"

आजीने ते ऐकलं. ती शांतपणे म्हणाली, "काहून बापू, तुमच्या घरी पावणे आले त त्यायले आज रांधलेलं वाढता का पन्नास वर्साआधीचं?"

कुणी काही बोललं नाही. त्यांनी धुरातला शॉट घेतला आणि गेले. लिंक पाठवतो म्हणाले होते, ती आजवर आली नाही.

मी हा लेख त्या टीमला शिव्या देण्यासाठी लिहीत नाही. ती पोरं वाईट नव्हती, उलट 'आपल्या बाजूची' होती. बाबासाहेबांबद्दल आदराने बोलत होती. म्हणूनच तो प्रसंग डोक्यातून जात नाही. जी माणसं आपल्या बाजूची आहेत, त्यांनाही आपली चूल दिसते ती धुरासकटच का दिसते? आणि आपल्या हातात मोबाईल असताना आपण अजून दुसऱ्याच्या कॅमेऱ्याची वाट का पाहतो?

'महाराष्ट्रीय जेवण' म्हणजे कुणाचं?

टीव्ही लावा, ओटीटी उघडा, यूट्यूबवर शोधा. महाराष्ट्राचं जेवण म्हटलं की पुरणपोळी, उकडीचे मोदक, अळूची भाजी, थालीपीठ. विदर्भ म्हटलं की सावजी रस्सा आणि पाटवडी. सावजी तर हलबा-कोष्टी विणकरांच्या घरातून आलेलं जेवण आहे, पण व्हिडिओत त्या हातमागवाल्यांचं नाव येत नाही, फक्त तिखट किती आहे त्याची चर्चा होते. 'राजा, रसोई और अन्य कहानियाँ' नावाची मालिका २०१४ मध्ये आली. नावच पाहा. राजा आहे, रसोई आहे, आणि बाकीचे सगळे 'अन्य'. दरबार, देऊळ आणि खानदानी स्वयंपाकघर या तीन ठिकाणी कॅमेरा फिरतो आणि त्याला देशाची खाद्यसंस्कृती म्हणतात. गावकुसाबाहेर गेला तरी तो 'व्हिलेज फूड' शोधायला जातो: हिरवं शेत, मातीची भांडी, कौलारू घर. गावात जात असते हे त्या व्हिडिओंना माहीतच नसतं.

पुस्तकांनी ही कोंडी आधीच फोडली आहे. २००९ मध्ये पुणे विद्यापीठाच्या क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले स्त्री अभ्यास केंद्राने शर्मिला रेगे आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या पुढाकाराने दलितांच्या जेवणाच्या आठवणींवर पुस्तक काढलं. त्याच्या नावातच प्रश्न होता, ही थाळी भारतीय नाही का? २०१५ मध्ये शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' आलं. शाळेत जेवणाआधी आपल्याकडून म्हणून घेतलेल्या ओळीला एका 'अ'ने दिलेलं हे उत्तर. मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या घरात काय शिजायचं, कसं शिजायचं, तेल नसताना फोडणी कशी व्हायची, मांस वाळवून चान्या कशा करायच्या, हे त्यांनी कुणाची माफी न मागता लिहिलं. २०२४ मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद आला तेव्हा मोठ्या शहरांतल्या लोकांनी त्याची दखल घेतली. मराठीत ते पुस्तक नऊ वर्षं आपल्याजवळच होतं. आपल्यातल्या किती जणांनी वाचलं होतं, हा प्रश्न मी आधी स्वतःलाच विचारतो.

एकवीस मिनिटांची भीती

आता फिल्मकडे येऊ. मुंबईच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेतल्या पाच विद्यार्थ्यांनी 'कास्ट ऑन द मेन्यू कार्ड' नावाचा एकवीस मिनिटांचा माहितीपट केला. विषय मुंबईतलं गोमांस, ते खाणारे, त्यावर पोट असणारे आणि या सगळ्यामागची जात. २०१५ च्या मार्च महिन्यात महाराष्ट्रात गोवंश हत्याबंदीचा कायदा लागू झाला. विधेयक १९९५ चं होतं, वीस वर्षं पडून होतं, मग राष्ट्रपतींची मंजुरी आली. गायीबरोबर बैल आणि वळूही बंदीत गेले. त्याच वर्षी २८ सप्टेंबरला उत्तर प्रदेशात दादरीजवळ गोमांसाच्या संशयावरून मोहम्मद अखलाक यांना घरातून ओढून मारलं. आणि त्यानंतर महिनाभरात दिल्लीच्या 'जीविका' या माहितीपट महोत्सवात ही फिल्म दाखवायला केंद्राच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाने परवानगी नाकारली. महोत्सवातल्या बाकीच्या फिल्म चालल्या. ही एक चालली नाही.

विचार करा. त्यात बॉम्ब नव्हता, शस्त्र नव्हतं, कुणाला मारा असं आवाहन नव्हतं. माणसं काय खातात आणि का खातात, एवढंच होतं. एकवीस मिनिटांच्या ताटाला दिल्लीचं सरकार घाबरतं, याचा अर्थ ताट साधी गोष्ट नाही. हे बाबासाहेबांनी १९४८ मध्येच 'द अनटचेबल्स' या ग्रंथात मांडलं होतं. अस्पृश्यता कुठून आली याचा शोध घेताना ते गोमांसापर्यंत पोहोचले. तो सिद्धान्त सगळ्यांना पटो न पटो, पण कोण काय खातो यावरून या देशात माणसाची पायरी ठरते, हे त्यांनी आधी ओळखलं होतं.

आणि हा विषय गोमांसापुरता नाही. उत्तराखंडातल्या चंपावत जिल्ह्यात डिसेंबर २०२१ मध्ये शाळेतल्या दलित भोजनमातेच्या हातचं जेवायला सवर्ण मुलांनी नकार दिला आणि तिलाच कामावरून काढलं. आपल्या महाराष्ट्रात २०२३ च्या अखेरीस शाळेच्या पोषण आहारात अंडं आलं आणि जानेवारी २०२५ मध्ये सरकारने त्याचा निधी काढून घेतला. ज्याच्या घरी रोज अंडं परवडतं त्याला काही फरक पडला नाही. पडला तो कुणाच्या पोराला, हे वर्ध्याच्या कुठल्याही जिल्हा परिषद शाळेत जाऊन ताटं पाहिली की कळेल. म्हणून जे मित्र म्हणतात, "अत्याचार चालू आहेत, नोकऱ्या जात आहेत, आरक्षण पोखरलं जात आहे, आणि तू जेवणाच्या फिल्मबद्दल काय बोलतोस?" त्यांना माझं उत्तर एवढंच, की महाडलाही लोक म्हणाले असतील, एवढे प्रश्न असताना पाण्याचं काय घेऊन बसलात.

दोन चुका, दोन्ही आपल्याच

आता सवर्णांना सोडून जरा स्वतःकडे पाहू. कारण इथे आपल्यात दोन गट आहेत आणि दोघांशीही माझं भांडण आहे.

पहिला गट आपल्या तरुण पोरांचा. इन्स्टावर रील, 'बीफ इज अवर प्राइड', रस्सा उकळतो आहे, मागे डीजेचं गाणं. राग मला समजतो. बंदी घालणाऱ्याच्या तोंडावर ताट आपटावंसं वाटतं. पण मग इतिहासात जे घडलं ते या पोरांच्या हातून सुटतं. बाबासाहेबांनी मार्च १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत लोकांना काय सांगितलं? मेलेल्या जनावराचं मांस खाऊ नका, शिळे तुकडे मागू नका, लाचारीचे धंदे सोडा. आपल्या आजी-पणजीने मृतमांस आवडीने खाल्लं नव्हतं. गावाने ढोर ओढायला लावलं आणि त्याची मजुरी म्हणून तेच ताटात टाकलं. त्या लाचारीला आज 'आमची परंपरा' म्हणून मिरवणं म्हणजे मालकाने दिलेल्या शिळ्या भाकरीला फोडणी घालून 'स्पेशल डिश' म्हणण्यासारखं आहे.

दुसरा गट आपल्या मोठ्यांचा. "झाकून ठेव, कशाला उकरतोस, आता आपण बौद्ध आहोत." यांचाही राग करू नये. त्यांनी ते दिवस पाहिलेत, आपण फक्त ऐकलेत. पण झाकून ठेवण्यात एक धोका आहे. झाकता झाकता आपण कधी त्यांच्या सोवळ्यात शिरतो ते कळत नाही. आपल्यातल्याच काही घरांत आता मोठ्याचं खाणाऱ्या नातेवाइकाला वेगळा गिलास ठेवतात. बाबासाहेबांनी मृतमांस सोडायला सांगितलं ते माणसाच्या इज्जतीसाठी. ताज्या मांसाला त्यांनी विटाळ ठरवलं नाही. बावीस प्रतिज्ञांत दारू न पिण्याची प्रतिज्ञा स्पष्ट आहे, गोमांसाचं नाव नाही. प्राणिमात्रांवर दया करण्याची प्रतिज्ञा आहे आणि तिच्या आधारे कुणी बौद्ध शाकाहारी होत असेल तर तो त्याचा विचार आहे, त्यावर चर्चा करू. पण ब्राह्मणी सोवळं वेगळं आणि करुणा वेगळी. या दोहोंत गल्लत झाली की आपणच आपल्या माणसाला बाहेर उभं करतो.

मग तिसरी वाट कोणती? माझं म्हणणं असं आहे, की आपण काय खात होतो यापेक्षा आपण काय सोडलं, ही आपल्या जेवणाची सगळ्यात मोठी गोष्ट आहे. आणि ती कुणीच कॅमेऱ्यावर घेतलेली नाही.

जगात बाकी लोकांच्या खाद्यसंस्कृतीत पदार्थ असतात, कृती असते, सणवार असतात. आपल्या खाद्यसंस्कृतीत याशिवाय नकार आहे. गावंच्या गावं एका ठरावाने उठली आणि म्हणाली, आजपासून ढोर ओढणार नाही. त्याची किंमत मोजली. काम बंद, दळण बंद, वाट बंद. उपाशी राहिले, पण परत गेले नाहीत. ही जगाच्या इतिहासातली एक विलक्षण गोष्ट आहे: भुकेल्या माणसांनी हातातलं अन्न इज्जतीसाठी फेकलं. यावर फिल्म होत नाही, कारण बाहेरच्या कॅमेऱ्याला ताटात काहीतरी दिसायला हवं असतं. रिकाम्या ताटाचा शॉट कसा घ्यायचा हे त्याला कळत नाही. आपल्याला कळलं पाहिजे.

आणि ही गोष्ट १९२७ मध्ये किंवा १९५६ मध्ये संपली असं समजू नका. ११ जुलै २०१६ ला गुजरातेत उनाजवळच्या मोटा समढियाळा गावात मेलेल्या गायीचं कातडं काढणाऱ्या आपल्या भावांना गाडीला बांधून मारलं. त्याचा व्हिडिओ कुणी काढला? मारणाऱ्यांनीच. आणि मोठ्या अभिमानाने पसरवला. त्यांच्या हातात काठी होती आणि कॅमेराही होता. पण पुढे काय झालं? आठवडाभरात सुरेंद्रनगरला आपल्या लोकांनी मेलेली जनावरं ट्रॅक्टरमध्ये भरून आणली आणि कलेक्टर कचेरीसमोर टाकली. तुमची माता, तुम्हीच उचला. तेही मोबाईलवर शूट झालं आणि देशभर पोहोचलं. एकाच महिन्यात एकाच मोबाईलचे दोन उपयोग. महाडचा ठराव एकोणनव्वद वर्षांनी पुन्हा जिवंत झाला, तोही व्हिडिओवर.

वर्ध्याला येणारा कॅमेरा सेवाग्रामलाच का थांबतो?

आता आपल्या गावाकडे या. वर्धा शहराभोवती पिपरी मेघे, सिंदी मेघे, बोरगाव मेघे, सावंगी मेघे अशी गावं आहेत. नावाला गावं, प्रत्यक्षात शहराला चिकटलेली. कापसाच्या शेतीतून उठून आलेली कितीतरी कुटुंबं इथल्या वस्त्यांत राहतात. इथून सात-आठ किलोमीटरवर सेवाग्राम. गांधीजी १९३६ मध्ये तिथे राहायला आले. तेव्हापासून देशातला, परदेशातला कॅमेरा वर्ध्यात येतो तो सरळ आश्रमात जातो. तिथलं जेवण, तिथले आहाराचे प्रयोग, बिनमसाल्याच्या भाज्या, सगळ्याचं चित्रण होतं. असू द्या. त्यांच्या जागी ते ठीक आहे. पण स्वतःच्या मर्जीने कमी खाणारा माणूस आणि मिळत नाही म्हणून कमी खाणारा माणूस यांच्या ताटांत फरक असतो. पहिल्याच्या ताटाला प्रयोग म्हणतात, दुसऱ्याचं ताट कुणी पाहत नाही.

याच वर्ध्यात आपल्या विषयाचं किती सामान पडलं आहे, पाहा. १९२८ मध्ये जमनालाल बजाज यांनी इथलं लक्ष्मीनारायण मंदिर अस्पृश्यांना खुलं केलं, याची आठवण दरवर्षी निघते. वर्ध्याला लागून असलेल्या नालवाडीत गांधीजींच्या रचनात्मक कामातून चर्मालय चाललं, मेलेल्या जनावरांचं कातडं कमावण्याचं. त्यात सवर्ण कार्यकर्तेही होते. त्यांच्यासाठी तो त्याग होता, सेवा होती. आणि त्याच काळात आपले आजोबा-पणजोबा बाबासाहेबांचं ऐकून तेच काम सोडत होते. सवर्णाने कातड्याला हात लावला तर त्याची पुस्तकं झाली. आपल्या माणसाने कातड्यावरचा हात काढला तर त्याला गावाने वाळीत टाकलं. एका जिल्ह्यातल्या या दोन गोष्टी शेजारी-शेजारी ठेवून कुणी माहितीपट केला तर गांधी-आंबेडकर वादावरच्या दहा भाषणांपेक्षा तो जास्त सांगून जाईल. लागणारी माणसं, जागा, कागदपत्रं सगळं इथेच आहे. सायकलवर होण्यासारखी फिल्म आहे.

आणखी सांगतो. वैशाख पौर्णिमेला विहारात खीर होते, सुजाताने सिद्धार्थाला दिलेल्या खिरीच्या आठवणीत. त्या एका पातेल्याभोवती वस्तीच्या बाया कशा काम वाटून घेतात, दूध कुठून येतं, वर्गणी कोण देत नाही, यात अख्खी वस्ती दिसते. धम्मचक्र प्रवर्तन दिनाला दीक्षाभूमीवर लाखो माणसं येतात. वर्ध्याहून रेल्वेने तास-दीड तास. तिथल्या पुस्तकांच्या स्टॉलची बातमी येते, पण या लाखोंना जेवू घालणारी छोटी छोटी मंडळं, बँकेतले कर्मचारी, रेल्वेतले कर्मचारी, वस्त्यांतली पोरं, पहाटे तीनला उठून पुरीभाजी करणारे हात, यांच्यावर कुणी अर्धा तास दिला आहे का? कुठल्या देवळाच्या अन्नछत्रावर मालिका होतात. इथे कुणी जात विचारत नाही, पैसे मागत नाही, नवस फेडत नाही. समतेची एवढी मोठी पंगत या देशात दुसरीकडे कुठे बसते?

पावसाळ्यात बाया रानातून तरोटा खुडून आणतात, घोळ आणतात, अंबाडी आणतात. कापूस वेचायला जाताना डब्यात काय असतं आणि ते उन्हात बांधावर बसून कसं खातात. रेशनच्या तांदळाने ज्वारीची भाकर ताटातून कशी कमी केली. १९७५ पासून वर्धा जिल्ह्यात दारूबंदी आहे, तरी दारू कुठून येते आणि बावीस प्रतिज्ञांमधली दारूची प्रतिज्ञा घरात पाळायला लावणाऱ्या बाईची रोजची लढाई कशी असते. हे सगळे विषय रोज आपल्या डोळ्यांसमोर आहेत. रोजचं आहे म्हणून आपल्याला विषय वाटत नाही, एवढंच.

दुसऱ्याने काढलेली आपली फिल्म

काही जण म्हणतील, कुणीही काढू दे, फिल्म चांगली झाली म्हणजे झालं. हा मुद्दा मी हलक्यात घेत नाही. ११ जुलै १९९७ ला मुंबईच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली, आणि त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला. त्यानंतर आनंद पटवर्धन यांनी चौदा वर्षं चित्रीकरण केलं आणि २०११ मध्ये 'जय भीम कॉम्रेड' आली. आपल्या शाहिरांचे कितीतरी आवाज त्या फिल्ममुळे टिकले. चौदा वर्षं वस्तीत येत राहणारा माणूस आणि चार तासांसाठी गाडी घेऊन येणारा माणूस यांना एकाच तराजूत तोलणं बरोबर नाही. उपकार नाकारू नये.

पण दुसरं उदाहरणही पाहा. बुंदेलखंडातल्या दलित बायांनी चालवलेल्या 'खबर लहरिया' या वृत्तपत्रावर 'रायटिंग विथ फायर' ही फिल्म झाली. ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. सगळ्या जगाने टाळ्या वाजवल्या. आणि मार्च २०२२ मध्ये खुद्द खबर लहरियाने जाहीर केलं, की फिल्म प्रभावी असली तरी आमची गोष्ट तिच्यात पूर्ण आलेली नाही. म्हणजे ज्या बाया स्वतः कॅमेरा चालवतात, स्वतः बातमी लिहितात, त्यांचीही गोष्ट दुसऱ्याने सांगितली की कुठेतरी निसटते. मग आमच्या आजीचं काय?

३१ जानेवारी १९२० ला 'मूकनायक' निघाला. त्याची साधी जाहिरात पैसे देऊनही 'केसरी'ने छापली नव्हती. बाबासाहेबांनी काय केलं? केसरीच्या दारात धरणं धरलं नाही. स्वतःचं पत्र काढलं. आज आपल्याकडे सोमनाथ वाघमारे आहेत, ज्यांनी भीमा कोरेगाववर आणि चैत्यभूमीवर माहितीपट केले. ज्योती निशा आहेत, ज्यांनी बाबासाहेबांवर फिल्म केली आणि पडद्याकडे बहुजन प्रेक्षक कसा पाहतो यावर लिहिलं. ही मंडळी पुढे गेली आहेत. पण चार-पाच नावांवर चळवळ चालत नाही. मूकनायकनंतर जिल्ह्याजिल्ह्यात आपली पत्रं निघाली तेव्हा कुठे आवाज झाला.

मग करायचं काय?

उपदेश करून थांबणं मला आवडत नाही. आम्ही काही पोरं-पोरी गेल्या वर्षापासून वस्तीत थोडं थोडं रेकॉर्डिंग करतो आहोत. चुका करत शिकलो, त्या चुका तुमच्या कामी याव्यात म्हणून सांगतो.

पहिली गोष्ट आवाजाची. चित्र मोबाईलवर चांगलं येतं, पण पंख्याच्या आणि कुकरच्या आवाजात आजीचं अर्धं बोलणं गेलं. दोन पैसे खर्च करायचे तर आधी कॉलरला लावायच्या माइकवर करा. दुसरी गोष्ट, प्रत्येक फाइलवर तारीख, ठिकाण आणि बोलणाऱ्याचं नाव टाका, आणि दोन ठिकाणी जपून ठेवा. आमच्या एकाचा मोबाईल बिघडला आणि एका म्हाताऱ्याच्या पाऊण तासाच्या आठवणी गेल्या. चार महिन्यांनी तो म्हातारा गेला. ती गोष्ट आता कुठेच नाही.

तिसरी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची. कुणाचा चेहरा दाखवायचा हे आपण ठरवायचं नाही. मुंबई उच्च न्यायालयाने मे २०१६ मध्ये गोवंशबंदी कायम ठेवली, पण राज्याबाहेरून आलेलं मांस जवळ बाळगणं गुन्हा ठरवणारं कलम रद्द केलं. म्हशीचं मांस तर त्या कायद्याच्या बंदीत नव्हतंच. पण झुंडीला कलम वाचता येत नाही. आपण 'प्राइड' म्हणून टाकलेली रील त्यांच्या हातात पुरावा होते आणि मार खातो तो बिचारा चुलीजवळ बसलेला माणूस, अपलोड करणारा नाही. आम्ही ठरवलं आहे, की आधी विहारात सगळ्यांसमोर दाखवायचं, ज्याचं आहे त्याने 'काढून टाक' म्हटलं की वाद न घालता काढायचं, आणि मगच बाहेर टाकायचं.

चौथी गोष्ट, कॅमेरा पोरींच्या हातात द्या. स्वयंपाकघरात पोरगा कॅमेरा घेऊन गेला की बाया पदर सावरून 'कार्यक्रम' सुरू करतात. पोरगी गेली की गप्पा सुरू होतात. शिवाय जो माणूस स्वतः कधी भाकर थापत नाही, त्याने बायकांच्या चुलीवर आंबेडकरी फिल्म काढावी, यात जरा लाज वाटायला हवी. मला वाटली. जेवणाच्या फिल्ममध्ये जात दाखवायची आणि घरात शेवटी, उरलेलं कोण खातं ते झाकायचं, हे चालणार नाही.

पाचवी गोष्ट, कुणाला चूल पेटवायला लावू नका. गॅस असेल तर गॅस दाखवा. फ्रीज असेल तर फ्रीज दाखवा. ते उगाच आलेलं नाही.

आणि आजीचं सांगतो. गेल्या वैशाख पौर्णिमेला आमच्यातल्याच एका पोरीने तिचं रेकॉर्डिंग केलं. आजीने जागा स्वतः निवडली. खुर्चीवर बसली, मागे बाबासाहेबांचा फोटो येईल अशी. काय बनवतेस असं कुणी विचारलंच नाही. पोरीने एवढंच विचारलं, "आजी, लहानपणीचं काय आठवते?" आजी बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, ती आठ-नऊ वर्षांची असताना घरचे मोठे नागपूरला जाऊन आले, दीक्षा घेऊन. आल्याच्या दुसऱ्या दिवशी तिच्या मायने वाळवलेल्या मांसाचं गाडगं उचललं आणि नाल्यावर नेऊन फोडलं. घरात दुसरं काही नव्हतं. त्या रात्री सगळे पाणी पिऊन झोपले.

"भूक लागली होती का?" पोरीने विचारलं.

"लागली होती ना माय," आजी म्हणाली. "पण माय हासत होती."

अकरा मिनिटांचं रेकॉर्डिंग आहे. त्यात चूल नाही, धूर नाही, एकही पदार्थ नाही. आमच्या विहारात दाखवलं तेव्हा माझ्यापेक्षा मोठी माणसं डोळे पुसत होती, आणि बाहेर पडताना दोन म्हाताऱ्यांनी पोरीचा हात धरून विचारलं, आमच्याकडे कधी येतेस?

तुमच्या वस्तीतही अशी कुणीतरी आहे. या रविवारी जा. उशीर करू नका.

जय भीम!